गांधीहत्येतील ‘चौथ्या गोळी’चा हिशेब

मा. संपादक,
सविनय नमस्कार.

जानेवारी संपत आला की मोबाइलवर ‘चौथी गोळी’ फिरू लागते. नथुराम गोडसेने तीन गोळ्या झाडल्या, पण गांधीजींच्या देहावर जखमा चार होत्या. म्हणजे दुसरा मारेकरी होता, तो परदेशी गुप्त संघटनेचा होता आणि हे सारं दाबून टाकण्यात आलं, असा तो मजकूर असतो. शेवटी ‘मराठी माणसावरचा कलंक पुसा’ अशी हाक असते. त्या हाकेने आपल्याकडे अनेकांचं मन हलतं, ते का हलतं हेही समजण्यासारखं आहे. हत्येनंतरच्या दिवसांत पुणे, सातारा, सांगली, कोल्हापूर या भागांत ज्यांची घरं जळाली, त्यांचा या कटाशी काडीचा संबंध नव्हता. ती जखम अजून अनेक घरांत ओली आहे. पण म्हणून न झाडलेली गोळी झाडली गेली होती, असं होत नाही. पुराव्याच्या वस्तू समोर ठेवून हा हिशेब एकदा नीट मांडला जावा, यासाठी हे पत्र.

आधी पिस्तूल पाहू. दिल्लीत गांधीजी मुक्कामाला होते त्या बिर्ला हाउसच्या आवारात 30 जानेवारी 1948 रोजी संध्याकाळी सव्वापाचच्या सुमारास गोडसेच्या हातून जे हत्यार काढून घेण्यात आलं, ते इटालियन बनावटीचं बेरेटा, 1934च्या नमुन्याचं, क्रमांक 606824. ते रिव्हॉल्व्हर नव्हे. ही बाब किरकोळ वाटते, पण चौथ्या गोळीचा अर्धा घोळ इथेच आहे. रिव्हॉल्व्हरमध्ये फिरणारं नळकांडं असतं, त्यात पाच-सहा घरं असतात आणि झाडलेल्या काडतुसाची पुंगळी त्या घरातच राहते. पिस्तुलात चेंबर एकच. काडतुसं मुठीतल्या मॅगझिनमध्ये एकावर एक रचलेली असतात. चाप ओढला की गोळी सुटते, मागे येणाऱ्या दाबाने वरची स्लाइड मागे सरकते, रिकामी पुंगळी बाहेर फेकली जाते आणि स्लाइड पुढे येताना मॅगझिनमधलं वरचं काडतूस चेंबरमध्ये ढकलते. चाप एकदा ओढला की गोळी एक आणि जमिनीवर पुंगळी एक.

या बेरेटाच्या मॅगझिनमध्ये 9 मिलिमीटरची आखूड काडतुसं सात बसतात. पोलिसांना पिस्तुलात चार जिवंत काडतुसं मिळाली. सातातून चार गेली, उरली तीन. दुसऱ्या मारेकऱ्याचा सिद्धान्त मांडणारे नेमकं हेच गणित पुढे करतात: या हत्यारातून तीनच गोळ्या सुटू शकतात, म्हणून चौथी दुसऱ्याची. पण असं पिस्तूल हाताळलेल्या कोणालाही यातली चूक लगेच दिसेल. मॅगझिन भरून आत घालायचं, स्लाइड ओढून एक काडतूस चेंबरमध्ये घ्यायचं, मॅगझिन पुन्हा बाहेर काढून त्यात आणखी एक भरायचं, झाली आठ. त्यामुळे नुसत्या ‘सात वजा चार’वरून तीनच गोळ्या सुटल्या असं सिद्ध होत नाही आणि चौथी दुसऱ्या हत्यारातली होती असंही होत नाही. समजा, वादापुरती चौथी जखम मान्य केली, तरी पहिला प्रश्न ‘याच पिस्तुलात आठवं काडतूस होतं का?’ हा विचारावा लागेल. तो ओलांडून कोणी थेट परदेशी मारेकऱ्याकडे धाव घेत असेल, तर निष्कर्ष आधी ठरला आणि हिशेब मागून जुळवला गेला, असंच म्हणावं लागतं.

तीन हा आकडा ठरतो तो जखमांवरून. कर्नल बी. एल. तनेजा यांनी देहाची बाहेरून पाहणी केली आणि न्यायालयात साक्ष दिली. गोळ्या आत शिरल्याच्या जखमा तीन, तिन्ही पुढच्या बाजूने आणि उजवीकडे: दोन पोटाच्या भागात, एक छातीत. त्यांपैकी दोन गोळ्या पाठीतून बाहेर पडल्या, तिसरी देहातच राहिली. आता भोकं मोजा. पुढे तीन, मागे दोन, एकूण पाच. ज्याला शिरण्याची आणि बाहेर पडण्याची जखम वेगळी ओळखता येत नाही, तो तीन, चार, पाच यांपैकी कोणताही आकडा प्रामाणिकपणे सांगू शकतो. शिरताना कातडी आत दबते, कडेला खरचटल्यासारखं काळसर वलय उमटतं आणि भोक बहुधा गोल व नेटकं असतं. बाहेर पडताना कातडी आतून फाटते, कडा बाहेर वळतात, आकार वेडावाकडा होतो. हा फरक देह समोर असताना, पुरेशा उजेडात, रक्त पुसून पाहायचा असतो. छापील कृष्णधवल छायाचित्र मोठं करून तो दिसत नाही. मोठं केल्यावर दिसतात ते छपाईचे ठिपके आणि खादीवर पसरलेल्या रक्ताचे डाग.

कपड्यांचंही तेच. अंगाभोवती गुंडाळलेल्या वस्त्राला घड्या असतात. एकच गोळी तीन घड्यांतून गेली, तर उलगडलेल्या वस्त्रावर तीन भोकं दिसतात. म्हणून वस्त्रावरची भोकं मोजून गोळ्या मोजायच्या नसतात. वस्त्र मूळ घड्यांत पुन्हा बसवून कोणतं भोक कोणाच्या रेषेत येतं ते आधी पाहावं लागतं. हे न करता ‘चादरीवर एवढी छिद्रं’ असा पुरावा दाखवणाऱ्याने तपासाची पहिलीच पायरी गाळलेली असते.

दुसऱ्या दिवशीच्या काही वृत्तपत्रांत चार गोळ्यांचा उल्लेख होता, हे खरं. पण ती बातमी कशी तयार झाली असेल याचा विचार करा. भेदरलेली गर्दी, दोन-तीन सेकंदांत उडालेले बार, जवळच इमारत आणि भिंती. त्यांवरून परतलेला आवाजही बारासारखाच वाटतो. बातमीदाराने ज्याला गाठलं त्याने जे ऐकलं ते सांगितलं, रात्रीच्या घाईत तारेने ते सगळीकडे गेलं आणि एका वृत्तसंस्थेची ओळ दहा वृत्तपत्रांत छापली गेली. ती दहा ठिकाणी दिसते म्हणून साक्षीदार दहा होत नाहीत. वृत्तपत्रात काम करणाऱ्यांना हे मी सांगायला नको.

शवविच्छेदन झालं नाही, ही मात्र खरी उणीव आहे आणि ती मोकळेपणाने मान्य करायला हवी. झालं असतं तर तिसरी गोळी बाहेर काढून तिच्यावरचे नळीतल्या आट्यांचे ओरखडे पिस्तुलाशी ताडून पाहता आले असते, प्रत्येक गोळीचा मार्ग कागदावर आला असता आणि आजचा बराच वाद उरला नसता. 31 जानेवारीला यमुनेकाठी अंत्यसंस्कार झाले. त्यानंतर देहावरचा नवा पुरावा मिळणं कायमचं संपलं. म्हणून ‘फेरतपास करा’ या मागणीला माझा विरोध भावनेपोटी नाही. तपासायचं काय, याचं उत्तर मागणी करणाऱ्यांपाशी नाही, म्हणून आहे. जे तपासता येण्यासारखं होतं, म्हणजे जागेवर मिळालेल्या गोळ्या आणि पुंगळ्या, ते तेव्हाच तज्ज्ञाने तपासलं आणि त्या याच पिस्तुलाच्या ठरल्या. पुंगळीच्या बुडावर फायरिंग पिनचा ठसा उमटतो, कडेला ती ओढून काढणाऱ्या आकड्याची खूण राहते आणि या खुणा ज्या त्या पिस्तुलाच्या वेगळ्या असतात. चाचणीसाठी त्याच हत्यारातून काडतुसं झाडून दोन्ही पुंगळ्या सूक्ष्मदर्शकाखाली शेजारी ठेवल्या की जुळणी दिसते किंवा दिसत नाही.

दुसरा मारेकरी होता असं ठरवायचं तर काय काय लागेल? चौथी गोळी, नाहीतर तिचा मार्ग. आणखी एक पुंगळी. दुसऱ्याकडे रिव्हॉल्व्हर असेल तर ती पडणार नाही, एवढी सवलत त्या बाजूला देऊ. पण तो उभा कुठे होता? गांधीजींच्या दोन बाजूंना त्यांच्यासोबत चालणाऱ्या मनू आणि आभा होत्या, दोन्हीकडे प्रार्थनेला आलेली माणसं होती, समोर गोडसे होता. तिन्ही जखमा पुढून आणि उजवीकडे आहेत. दुसरा मागून किंवा डावीकडून झाडत असता तर जखम त्या बाजूला हवी होती. समोरून झाडत असता तर तो गोडसेच्या खांद्याला खांदा लावून उभा असायला हवा होता आणि ज्या गर्दीने एकाला जागेवर धरलं तिला दुसरं पिस्तूल दिसायला हवं होतं. सरकारपक्षाने या खटल्यात 149 साक्षीदार तपासले. दुसऱ्या बंदुकीचा पुरावा त्यातून पुढे आला नाही.

आणि खुद्द गोडसे? त्याने पंजाब उच्च न्यायालयात स्वतःचं अपील स्वतः चालवलं, पण खून केल्याच्या दोषसिद्धीविरुद्ध नव्हे. त्याचा आक्षेप कटाच्या निष्कर्षावर होता. आपण एकट्याने हे केलं, हेच तो शेवटपर्यंत सांगत राहिला. न्यायालयांनी त्याचं हे ‘एकट्याने’ मानलं नाही, कट सिद्ध धरला. गोळी झाडणारा हात मात्र कोणत्याही टप्प्यावर वादात नव्हता.

ही दुसऱ्या मारेकऱ्याची बाजू मुंबईच्या एका याचिकाकर्त्याने सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेली होती, हे वाचकांना आठवत असेल. न्यायालयाने ऑक्टोबर 2017 मध्ये ज्येष्ठ वकील अमरेंद्र शरण यांना न्यायमित्र, म्हणजे न्यायालयाला मदत करणारे वकील, नेमलं. त्यांनी खटल्याची कागदपत्रं आणि हत्येच्या कटाची नंतर चौकशी करणाऱ्या कपूर आयोगाचा अहवाल पाहून सांगितलं, की गोळ्या, पिस्तूल, मारेकरी आणि कट या चारही गोष्टींची ओळख पुरेशी पटलेली आहे, फेरतपासाला आधार नाही. न्यायमूर्ती शरद बोबडे आणि एल. नागेश्वर राव यांच्या खंडपीठाने 28 मार्च 2018 रोजी याचिका फेटाळली. तरीही समाजमाध्यमांवर अजून ‘सर्वोच्च न्यायालयाने चौथ्या गोळीची दखल घेतली’ एवढंच अर्धं वाक्य फिरतं. दखल घेतली आणि फेटाळली, हे पूर्ण वाक्य.

परदेशी हाताबद्दल दोन ओळी पुरेत. ‘फोर्स 136’ ही दुसऱ्या महायुद्धात आशियात काम करणारी ब्रिटिश गुप्त शाखा. ज्या संघटनेची ती शाखा होती, तीच 1946च्या सुरुवातीला बरखास्त झाली. हत्या त्यानंतर दोन वर्षांनी. नाव बदलून ती चालू होती असं म्हणणाऱ्याने तसा कागद दाखवावा. हर्बर्ट रायनर या अमेरिकी वकिलातीतल्या तरुण अधिकाऱ्याने गोडसेला धरलं, यावरूनही संशय घेतला जातो. पण मारेकऱ्याला जिवंत पकडून देणारा माणूस त्याच कटातला, हे तर्काला धरून नाही.

‘गोडसेला घाईने फासावर दिलं, सर्वोच्च न्यायालय अस्तित्वात यायच्या आत’ हा मुद्दाही येतो. तारखा अशा: लाल किल्ल्यातल्या विशेष न्यायालयात न्या. आत्मा चरण यांचा निकाल 10 फेब्रुवारी 1949 ला, पंजाब उच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींचा निकाल 21 जून 1949 ला, लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलकडे, म्हणजे तेव्हाच्या शेवटच्या अपील न्यायालयाकडे, मागितलेली अपिलाची परवानगी नाकारली गेली आणि 15 नोव्हेंबर 1949 रोजी अंबाल्याच्या तुरुंगात गोडसे व कटातला त्याचा साथीदार नारायण आपटे यांना फाशी. सर्वोच्च न्यायालय जानेवारी 1950 मध्ये आलं, हे खरं. पण अपिलात दत्तात्रय परचुरे आणि शंकर किस्तय्या हे खाली दोषी ठरलेले दोघे सुटले, यावरून उच्च न्यायालयाने पुरावा डोळे मिटून मान्य केला नव्हता, हे दिसतं.

आता ज्यासाठी मला मुख्यतः लिहायचं आहे त्याकडे येतो. या प्रकरणात खरोखर अस्वस्थ करणारे प्रश्न आहेत. ते 20 ते 30 जानेवारी या दहा दिवसांचे आहेत, त्यांतले बरेचसे आपल्या मुंबई-पुण्याचे आहेत आणि चौथ्या गोळीच्या गलक्यात ते कोणाच्या कानावरच पडत नाहीत.

20 जानेवारीला बिर्ला हाउसच्या मागच्या भिंतीशी गनकॉटन या स्फोटकाचा स्फोट झाला. कटातला मदनलाल पाहवा जागेवर पकडला गेला, बाकीचे निसटले. त्याने आपल्या साथीदारांबद्दल बोलताना पुण्याच्या एका मराठी वृत्तपत्राकडे बोट दाखवलं. ‘अग्रणी’, पुढे ‘हिंदुराष्ट्र’ झालेलं ते पत्र. त्याचा संपादक ना. वि. गोडसे आणि मालक ना. द. आपटे, ही नावं मुंबई सरकारच्या गृहखात्यातल्या वृत्तपत्रांच्या वार्षिक यादीत छापलेली होती. यादी उघडून पाहिली असती तर मारेकऱ्याचं नाव दहा दिवस आधी हाती होतं.

दुसऱ्या दिवशी, 21 जानेवारीला, मुंबईत रुइया महाविद्यालयातले प्राध्यापक जगदीशचंद्र जैन यांनी मुख्यमंत्री बाळासाहेब खेर आणि गृहमंत्री मोरारजी देसाई यांची भेट घेतली. मदनलालने आपल्यापाशी हत्येचा बेत बोलून दाखवला होता, हे त्यांनी सांगितलं. मोरारजींनी त्याच संध्याकाळी उपायुक्त नगरवाला यांना ते कळवलं. इथवर यंत्रणा चालली. पुढे काय बिघडलं? दिल्लीहून दोन पोलीस अधिकारी मुंबईला आले, पण वृत्तपत्राचा उल्लेख असलेली चिठ्ठी तेव्हा त्यांच्यापाशी होती की नाही, यावरच नंतर आयोगापुढे वाद झाला. ते परत गेले. मुंबईच्या तपासाने गांधीजींच्या अपहरणाचा बेत असावा असा तर्क धरला आणि त्या दिशेने माणसं शोधली. पुण्याचे गुन्हे अन्वेषण विभागाचे उपमहानिरीक्षक राणा त्या वेळी दिल्लीतच होते. मदनलालचा जबाब घेऊन ते निघाले, पण विमानाने नाही, रेल्वेने, अलाहाबादमार्गे. मुंबईला पोचले 27 तारखेला.

त्याच 27 तारखेला गोडसे आणि आपटे खोट्या नावांनी मुंबईहून विमानाने दिल्लीला गेले. रात्री ग्वाल्हेर गाठलं, 28 ला बेरेटा मिळवलं, 29 ला दिल्लीला परतून रेल्वे स्थानकावरच्या विश्रांतीकक्षात उतरले. ज्यांना गोडसे, आपटे आणि त्यांचा साथीदार करकरे चेहऱ्याने ठाऊक होते अशा पुण्या-नगरच्या पोलिसांपैकी एकालाही बिर्ला हाउसच्या फाटकाशी उभं केलेलं नव्हतं. प्रार्थनेला येणाऱ्यांची झडती घ्यायला गांधीजींचा नकार होता. तेव्हा चेहरा ओळखणारा माणूस हाच उपाय उरत होता आणि त्याला खर्च रेल्वेच्या तिकिटाएवढा आला असता. न्या. आत्मा चरण यांनी निकालातच लिहिलं, की त्या दिवसांत तपासात थोडी जरी तत्परता दाखवली असती तर ही घटना बहुधा टळली असती.

नोव्हेंबर 1964 मध्ये पुण्यात, नथुरामचा भाऊ आणि कटातला आरोपी गोपाळ गोडसे याच्या सुटकेनिमित्त झालेल्या समारंभात, ‘केसरी’चे माजी संपादक ग. वि. केतकर यांनी आपल्याला हा बेत आधी ठाऊक होता असं सांगितलं. बाळूकाका कानिटकरांकरवी खेरांपर्यंत इशारा पोचवल्याचंही ते म्हणाले. त्यावरून उठलेल्या वादळातून चौकशी आयोग आला. न्या. जीवनलाल कपूर यांनी 101 साक्षीदार तपासले आणि 1969 मध्ये अहवाल दिला. वरच्या दहा दिवसांची हकिकत त्या अहवालात तास-तारखांसह आहे. वि. दा. सावरकरांचे अंगरक्षक अप्पा कासार आणि सचिव गजानन दामले यांचे जबाब पोलिसांनी मार्च 1948 मध्ये घेतले होते, पण खटल्यात त्या दोघांना साक्षीदार म्हणून उभं केलं नाही. का केलं नाही, हा प्रश्नही कागदावरचा आणि खरा आहे. सावरकरांना विशेष न्यायालयाने निर्दोष सोडलं. कपूर आयोगाने नंतर त्यांच्याविरुद्ध कठोर अभिप्राय नोंदवला, तेव्हा ते हयात नव्हते. आयोगाचा अभिप्राय ही शिक्षा नव्हे आणि निर्दोष सुटका म्हणजे कासार-दामले यांचे जबाब अस्तित्वातच नाहीत असंही नव्हे. दोन्ही बाजूंचे लोक आपल्याला हवं तेवढंच उचलतात, हे वाचून फार वाईट वाटतं.

आपल्या पत्राकडे दोन मागण्या आहेत. हत्येबद्दल नवा दावा छापताना त्यासोबत तीन गोष्टी छापाव्यात: दावा कोणत्या कागदावर उभा आहे, तो कागद खटल्यात पुरावा म्हणून दाखल झाला होता का, आणि कोणत्या न्यायालयाने किंवा आयोगाने त्यावर काय म्हटलं. एवढी चौकट पानावर आली की वाचक स्वतः पडताळून पाहू शकेल. दुसरी मागणी अशी, की येत्या 20 जानेवारीपासून 30 पर्यंत रोज एक, असा त्या दहा दिवसांचा तपशील कपूर अहवालाच्या आधारे मराठीत द्यावा. 20 ला मदनलालचा जबाब, 21 ला प्रा. जैन यांची भेट, आणि 27 ला एकाच दिवशी मुंबईत पोचलेली राणा यांची गाडी व मुंबईहून सुटलेलं गोडसे-आपटे यांचं विमान.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे